हिल्सबरोची दक्षिण

ऑकलंडमधल्या कुठल्याही मराठी घरी बांधकाम निघालं की तिथून मला चहाचं बोलावणं येणं बंद होतं. माझा त्यात कुणावर राग नाही. मी पुरातत्त्वाचा माणूस, आणि इथला कायदा असा की जमिनीखाली १९०० सालाच्या आधीच्या माणसांची काही खूण निघाली तर काम थांबवायचं, आमच्यासारख्याला बोलवायचं आणि रीतसर परवानगी मिळाली की मगच पुढे जायचं. त्यामुळे मी कुणाच्या अंगणात चहाचा कप हातात घेऊन सहज जरी खाली बघितलं, तरी घरमालक मला घाईघाईने आत नेतो. मंडळाच्या गणपतीत मला सगळे 'खड्डेकाका' म्हणतात. तोंडावरच म्हणतात, त्यामुळे आता मीही त्या नावाला ओ देतो.

मी या देशात कसा आलो ते थोडक्यात सांगतो, कारण त्यात मिरवण्यासारखं काही नाही. माझ्या बायकोला, मेधाला, इथे सॉफ्टवेअरमध्ये नोकरी लागली आणि तिच्या व्हिसाचं शेपूट धरून मी आलो. विमानतळावरच्या अधिकाऱ्याने व्यवसाय विचारला. मी सांगितला. तो म्हणाला, "गुड ऑन यू, मेट," आणि ज्या सुरात म्हणाला त्यावरून माझं इथे कसं होणार याचा मला अंदाज आला.

त्याआधी मराठवाड्यातल्या एका नदीकाठच्या टेकाडावर मी बरेच हिवाळे काढले होते. गावकरी त्या टेकाडाला 'पांढरी' म्हणायचे. शेताची ती काळी आणि पिढ्यान् पिढ्या माणसं राहून राखेने, चुन्याने भुरकट झालेली ती पांढरी. तिच्या वरच्या थरांत मध्ययुगातलं गाव होतं. घरांची जोती, काचेच्या बांगड्या, फुटकी जाती. त्याच्या बरंच खाली सातवाहनांच्या वेळचं गाव, ज्याचा रोमशी व्यापार चालायचा. तिथे रोमन दारूच्या दोन कानांच्या उंच रांजणांची खापरं निघायची, म्हणून आम्ही त्याला सरसकट 'रोमन गाव' म्हणायचो. खरा रोमन माणूस तिथे कधी फिरकलाही नसेल. पण 'मुलगा रोमन गाव खणतो' हे मुली बघायला जाताना बरं वाटायचं, आणि मेधाच्या वडिलांनी तर ते शेवटपर्यंत पाहुण्यांना सांगितलं.

बाहेरच्यांना वाटतं आम्ही वस्तू शोधतो. वस्तू भंगारवाल्यालाही सापडतात. आम्ही खड्डे शोधतो. एकदा खणलेला खड्डा परत बुजवला तरी माती पहिल्यासारखी बसत नाही. खालची वर येते, वरची खाली जाते, रंग चितकबरा होतो आणि गवंड्याची करणी अलगद फिरवली की तेवढाच भाग हाताला मऊ लागतो. हे एकदा कळायला लागलं की हजार वर्षांपूर्वी कुणी कुठे खांब रोवला तेही दिसतं. त्या खड्ड्यातून वस्तू निघाली की तिला पहिला प्रश्न विचारायचा. तू टाकलेली, हरवलेली, की ठेवलेली? रोमन रांजणाचं खापर टाकलेलं. चुलीजवळच्या राखेतलं कर्णफूल हरवलेलं. पण घराच्या कोपऱ्यात जोत्याखाली झाकण घालून पुरलेला तांब्याचा गडू निघाला तर तो ठेवलेला. ठेवलेल्या वस्तूला आमच्यात फार मान, कारण कुणीतरी काहीतरी मनात धरून ती तिथे ठेवलेली असते.

असे गडू त्या मध्ययुगीन गावात घरांच्या आग्नेय कोपऱ्यात मिळत गेले. एकाच घरात तो ईशान्येला निघाला. त्या एका गडूवर मी निबंध लिहिला आणि सिद्ध केलं की हे घर बाहेरून आलेल्या, वेगळ्या पंथाच्या व्यापाऱ्याचं असणार. त्याचे देव वेगळे, म्हणून कोपरा वेगळा. परिसंवादात टाळ्या पडल्या आणि एका ज्येष्ठ विद्वानांनी पाठीवर थाप मारली. ती थाप मी न्यूझीलंडपर्यंत जपून आणली होती.

इथे आल्यावर पहिल्याच वर्षी ती उतरली. बॉटनी डाउन्सच्या एका साइटवर मी भडक रंगाचं, लांबून दिसणारं हाय-व्हिज जॅकेट घालून डिगरच्या मागे उभा होतो. इथे आमचं काम बहुतेक वेळा एवढंच असतं. डिगर खणतो, आपण बघत उभं राहायचं, आणि काळ्या मातीत शिंपल्यांचा पांढरा थर दिसला की हात वर करायचा. तो थर म्हणजे पूर्वीच्या माओरी लोकांच्या जेवणाची जागा. त्या दिवशी शिंपले निघाले नाहीत. निघालं एक जाड, तांबूस, बाहेरून रेघारेघांचं खापर. मी हात वर करून डिगर थांबवला. ती रेघ मी झोपेतही ओळखली असती. रोमन लोक ऑकलंडला कसे आले असतील, वाटेत कुठे थांबले असतील, इथपर्यंत मी मनात पोहोचलो होतो. माझी साहेबीण होती जॅनेट. तिने खापर हातात घेतलं, एकदा उलटं करून बघितलं आणि म्हणाली, "ड्रेनपाइप, विश." विश्वासचं इथे विश होतं. साइटवरच्या लोकांनी त्यानंतर वर्षभर मला 'सीझर' म्हणून हाक मारली.

एवढं सांगितलं ते अशासाठी, की निखिलचा फोन आला तेव्हा मी किती तयारीचा तज्ज्ञ होतो ते कळावं.

निखिल आयटीतला. इथे शिकायला आला आणि इथलाच झाला. त्याने हिल्सबरोला जुनं लाकडी घर घेतलं, वाईहून आईवडिलांना बोलावलं आणि दोघांच्या हातून वास्तुशांत केली. त्याला आता बारा वर्षं झाली. वडील, म्हणजे नाना, एसटीतून निवृत्त झालेले, बोलघेवडे, मंडळाच्या प्रत्येक कार्यक्रमात खुर्च्या मांडायला पहिले. ते दोन वर्षांपूर्वी गेले. आता ते घर पाडून तिथेच नवं बांधायचं ठरलं होतं. सोमवारी सकाळी पाडायला सुरुवात होणार होती.

"काका, तुमची हेल्प लागेल," निखिल म्हणाला. "आई घर सोडायला तयार नाहीये. बॅग भरून ठेवलीय, पण दारातच बसलीय. वास्तुपुरुष सापडल्याशिवाय हलणार नाही म्हणते. बाबांनी पुरलेला. आणि तो कुठे पुरलाय ते कुणालाच एक्झॅक्टली माहीत नाही."

वास्तुशांतीत वास्तुपुरुषाची छोटी प्रतिमा तांब्याच्या डबीत, धान्य आणि पंचरत्नांसह, घराच्या आग्नेय कोपऱ्यात पालथी पुरतात. आपल्याकडे हा कोपरा घरातलाच. इथलं घर लाकडी, खुंटांवर उभं, म्हणून गुरुजींनी भिंतीलगत बाहेर पुरायची मुभा दिली होती. मग कुणी बघितलं कसं नाही? कारण होमाचा धूर. पूर्णाहुती पडली आणि घरातला स्मोक अलार्म ठणाणा करायला लागला. जमलेले सगळे आत धावले. सुमनकाकू, म्हणजे निखिलच्या आई, भरजरी पैठणीत स्टुलावर चढून टॉवेलने अलार्मला वारा घालत होत्या. शेजारचा म्हातारा बागेचा पाइप घेऊन आला. या गोंधळात नाना डबी आणि फावडं घेऊन एकटेच बाहेर गेले आणि काम उरकून आले.

"गुरुजींना विचारलंस?"

"ते आता ब्रिस्बेनला असतात. म्हणाले, आग्नेयच, दुसरीकडे असूच शकत नाही."

"मग झालं तर. अर्ध्या तासाचं काम," मी म्हणालो. मेधा शेजारी भाजी चिरत होती. तिने मान वर करून माझ्याकडे बघितलं आणि परत चिरायला लागली.

शनिवारी सकाळी मी हिल्सबरोला पोहोचलो. जुलैचा महिना, म्हणजे इथला ऐन हिवाळा. सुमनकाकू खरंच दारात खुर्ची टाकून बसल्या होत्या, अंगावर शाल, पायाशी बॅग.

"विश्वासराव, तुम्ही एवढी गावं उकरलीत. आमची एक डबी काढून द्या," त्या म्हणाल्या. "यांनी स्वतःच्या हाताने केलेली या घरातली ती एकच गोष्ट आहे. बाकी भिंतीत खिळासुद्धा मारता येत नव्हता त्यांना. ती मशीनच्या दातात गेली तर मी नव्या घरात पाय ठेवणार नाही."

त्या हे रागाने म्हणाल्या नाहीत. ठरलेली गोष्ट सांगावी तशा म्हणाल्या, आणि निखिलचा चेहरा उतरला. त्याचं सामान हलवून झालं होतं, मुलं भाड्याच्या घरात झोपत होती. आई उठेपर्यंत काहीच पुढे सरकणार नव्हतं.

मी होकायंत्र काढलं, आग्नेय कोपरा धरला, खुंट्या ठोकल्या, दोरी बांधली. एवढ्याशा खड्ड्याला दोरीची गरज नसते, पण निखिल बघत होता. मग गुडघ्यांखाली उशी घेऊन करणीने माती खरवडायला बसलो. तो कोपरा म्हणजे घराचा सगळ्यात ओला, सगळ्यात थंड भाग. भिंतीच्या फळ्यांवर हिरवं शेवाळ आणि जमिनीला चिकट पिवळी चिकणमाती. थोड्याच वेळात माझी पॅन्ट, कोपर आणि चष्मा एकाच रंगाचे झाले.

पाडकामाचा डिगर घेऊन तविता त्याच दिवशी आला. तविता सामोअन, दाराएवढा माणूस. जागा बघून, मशीन रस्त्याकडेला लावून तो खिमा भरलेला मीट-पाय खात उभा राहिला.

"यू लॉस्ट समथिंग, अंकल?"

"माय डॅड्स गॉड," निखिल म्हणाला. "काइंड ऑफ. बाबांनी इथे पुरलाय."

तविताने मीट-पायचा कागद खिशात घातला. "आय कॅन टेक अ स्क्रेप फॉर यू. रियल जेंटल."

मी त्याला हातानेच नको म्हटलं आणि डिगरने थर कसे बिघडतात यावर दोन वाक्यं ऐकवली. तो म्हणाला, "स्वीट ऍज. हीप्स ऑफ टाइम," म्हणजे चालेल, घाई नाही, आणि बसून राहिला.

तासाभराने मला चितकबरी माती लागली. खड्डा. मी निखिलला बोलावलं, त्याने काकूंना बोलावलं, तविता उठून आला. मी ब्रश घेतला आणि पुरेसा वेळ लावून, सगळे बघतायत याची खात्री करून, माती झटकली. आतून मांजर निघालं. म्हणजे मांजराची हाडं, गळ्यात पट्टा आणि पट्ट्यावर 'जिंजर' लिहिलेला पत्रा. आधीच्या मालकाचं असणार.

"हा ठेवलेला की टाकलेला?" निखिलने विचारलं. माझं हे व्याख्यान त्याने मंडळात दोनदा ऐकलं होतं.

काकू म्हणाल्या, "निखिलने फोनवर बघून हा कोपरा सांगितला, तेव्हापासून मी रोज वास्तुपुरुषाला नमस्कार करून इथे नैवेद्य ठेवत होते." एवढं बोलून त्या आत निघून गेल्या.

मी जिंजरला परत झाकलं आणि चर रुंद केला. मग लांब केला. प्लास्टिकची गाडी निघाली, एक जँडल, म्हणजे इथली रबरी चप्पल, निघाली, आणि एक तांबूस खापरही निघालं, ज्याच्याबद्दल मी अवाक्षर काढलं नाही. डबी नाही. खालची माती अगदी कोरी होती. तिला कधी कुणाचा हात लागला नव्हता, हे मला स्पष्ट दिसत होतं आणि मी मान्य करत नव्हतो. नानांनी मोजताना हात-दीड हात चूक केली असेल, जमीन सरकली असेल, गटार टाकताना कुणी उचलून नेली असेल. वस्तू सापडली नाही की आम्ही अशा कारणांचे थर एकावर एक रचत जातो. दुपार झाली तेव्हा तो कोपरा पार उघडा पडला होता. मला मनापासून वाईट वाटत होतं. आयुष्यभर परक्यांच्या पुरलेल्या वस्तू काढल्या आणि ओळखीच्या माणसाची एक डबी मिळेना.

तेवढ्यात घराच्या पलीकडून काकूंची हाक आली. "विश्वासराव, चहा आणलाय. तिकडे गारठू नका. इकडे दक्षिणेच्या भिंतीशी या, छान ऊन आहे."

"काकू, मी दक्षिणेच्याच भिंतीशी आहे," मी ओरडून सांगितलं.

"तिकडे कुठली दक्षिण? तिकडे नुसतं शेवाळ आहे. हे रोज इकडेच बसायचे पेपर घेऊन. म्हणायचे, सुमन, आपली दक्षिण बघ कशी उबदार आहे, थेट वाईच्या घरासारखी."

मी करणी खाली ठेवली. घराला वळसा घालून गेलो. काकू कपबशी घेऊन भिंतीला टेकून उभ्या होत्या आणि त्यांच्या तोंडावर लख्ख ऊन होतं. ती घराची उत्तर बाजू होती.

न्यूझीलंड पृथ्वीच्या खालच्या अर्ध्यात. इथे सूर्य पूर्वेलाच उगवतो, पण दुपारी उत्तरेकडून जातो. इथे आल्यापासून प्रत्येक खड्ड्याचा फोटो काढताना मी त्यात उत्तरेचा बाण ठेवतो आणि सावली कुठे पडेल याचा विचार करतो. हे ज्ञान माझ्या कॅमेऱ्याच्या पिशवीत होतं, त्याच्याबाहेर कधी आलं नव्हतं. नाना होकायंत्र घेऊन गेले नव्हते. ते साठ वर्षं वाईला जसं करत आले तसंच त्यांनी केलं. सूर्य उगवतो ती पूर्व, दुपारचं ऊन येतं ती दक्षिण, आणि दोन्हींच्या मधला कोपरा आग्नेय.

"काकू, उगवतीच्या अंगाचा, या भिंतीचा शेवटचा कोपरा कुठला?"

त्यांनी बोट दाखवलं. ईशान्य कोपरा. तिथे रिसायकलिंगचे डबे ओळीने उभे होते.

"अगं बाई," काकू म्हणाल्या.

तविता आणि निखिलने डबे हलवले. या खेपेला मी दोरी बांधली नाही. वरची माती खरवडली आणि वीतभर खाली पिवळ्या मातीत काळसर डाग दिसला, चौकोनी, फावड्याच्या रुंदीचा. एका कडेला पात्याची सरळ खूणसुद्धा होती. जोर कमी पडला म्हणून त्याच जागी दोनदा मारलेलं फावडं. नानांचा हात मला त्या मातीत दिसला, आणि मी करणी ठेवून बोटांनीच माती काढायला लागलो. 

डबी हिरवी पडली होती, पण शाबूत होती. तविताने टोपी काढून हातात घेतली. मी डबी काकूंच्या ओंजळीत दिली आणि त्यांनी भिंतीशी उन्हात बसून ती उघडली. आत धान्याची काळी भुकटी, पालथा वास्तुपुरुष, सोन्याचा कण, लाल-निळे खडे. आणि मोती दोन. एक गुरुजींच्या पुडीतला, प्लास्टिकचा, वरचा रंग पापुद्रे होऊन निघालेला. दुसरा खरा, टपोरा, त्याला सोन्याच्या तारेचा तुकडा तसाच अडकलेला.

काकूंनी तो मोती बोटांत धरून उन्हात फिरवला. मग हसायला लागल्या.

"माझ्या नथीतला आहे. वास्तुशांतीच्या दिवशी नथीतून पडला. मला वाटलं, त्या अलार्मच्या गडबडीत कुठे उडाला. पाहुणे गेल्यावर रात्री सगळा गालिचा हाताने चाचपला मी." त्यांनी डोळ्यांना पदर लावला. "आणि हे माझ्याबरोबर बॅटरी घेऊन रांगत होते. सोफ्याखालीसुद्धा शिरले. म्हणत होते, मिळेल गं, जातोय कुठे."

"बाबांना पुडीतला फेक वाटला असणार," निखिल म्हणाला. त्याने प्लास्टिकचा मोती बोटाने बाजूला सरकवला. "देवाला खोटं कसं द्यायचं, असं काहीतरी."

"मग मागायचा होता. मी दिला नसता का?" काकू म्हणाल्या, आणि मग त्या रडल्या, मोकळेपणाने. निखिल त्यांच्याजवळ जमिनीवर बसला. तविता आणि मी डब्यांकडे बघत उभे राहिलो.

थोड्या वेळाने निखिल म्हणाला, "आई, मोती परत नथीत बसवून घेऊ. सोनार आहे इथे माउंट रॉस्किलला."

काकूंनी मोती डबीत टाकून झाकण लावलं. "असू दे. इतकी वर्षं मला वाटायचं हरवलाय. तो ठेवलेला होता."

त्या उठल्या, बॅग उचलली आणि आपणहून गाडीत जाऊन बसल्या.

त्या रात्री जेवताना मी मेधाला माझ्या निबंधाबद्दल सांगितलं. मराठवाड्यातला तो ईशान्येचा गडू, तो परका व्यापारी, त्याचे वेगळे देव. तिथे सूर्याने काही कुणाला फसवलं नसणार. पण सकाळ ढगाळ असेल, घरात काही गोंधळ उडाला असेल, पुरणारा एखादा नाना असेल. वेगळा पंथ काढायची काही गरज नव्हती. मेधा म्हणाली, "आता त्यावर दुसरा निबंध लिहू नकोस." मी अजून लिहिलेला नाही, पण त्या घरातल्या बाईला त्या गडूत काय ठेवलंय ते माहीत होतं का, एवढं विचारायचं माझ्याकडून राहून गेलं, याची चुटपुट आहे.

उन्हाळ्यात नव्या घराचा पाया तयार झाला. आता लाकडी खुंट नाहीत, सगळं काँक्रीट, म्हणून ते ओतायच्या आधी एका कोपऱ्यात डबीपुरती जागा सोडायची होती. निखिलने फोनवर ब्रिस्बेनच्या गुरुजींना घेतलं होतं आणि दुसऱ्या फोनवर दिशा दाखवणारं ॲप लावलं होतं. दोघांचं एकमत होतं. या वेळी चूक नको, खरी आग्नेय धरायची.

काकू डबी घेऊन पायाच्या मधोमध उभ्या होत्या. त्यांनी गुरुजींचं ऐकून घेतलं, निखिलचं ॲप बघितलं, मग माझ्याकडे वळल्या.

"विश्वासराव, तुम्ही यातले जाणकार. दक्षिण कुठे ते तुम्ही सांगा."

माझ्या हातात होकायंत्र होतं. सुई नेहमीप्रमाणे बिनचूक थरथरत होती. मी ते मिटून खिशात टाकलं, जिकडून ऊन येत होतं तिकडे हात केला आणि म्हणालो, "ही काय, काकू. इकडे."